दोनदा खुडलेला चहा

मास्तर म्हणजे शाळेतले नव्हेत. चहाच्या कारखान्यात रोज सकाळी अडीचशे कप चाखायचे आणि अडीचशे वेळा थुंकायचं, ही त्यांची नोकरी. चमचाभर चहा ते अशा काही जोराने ओढत की तो आवाज गल्लीच्या टोकापर्यंत जाई. तिथला न्हावी त्या आवाजावर दुकान उघडायचा. एकदा मास्तरांना सर्दी झाली आणि पहिला घोट अर्धा तास उशिरा ओढला गेला, तर त्या दिवशी अख्खी गल्ली कामावर अर्धा तास उशिरा पोचली आणि सगळ्यांनी आपापल्या साहेबाला एकच कारण सांगितलं. साहेबांनी ते मानलंही, कारण साहेबही त्याच गल्लीत राहणारे.

एवढी खटपट कशासाठी, तर ह्या वर्षीचा चहा गेल्या वर्षीसारखाच लागावा म्हणून. कुठे पाऊस जास्त झालेला असो, कुठे पानं उन्हाने करपलेली असोत, पाकीट फोडणाऱ्या माणसाला जगात काही घडल्याचा पत्ता लागता कामा नये. मास्तर दहा मळ्यांची पानं एकात एक मिसळायचे आणि चव बरोबर आणून ठेवायचे. त्यांच्या बोलण्यात चवीला शब्दही दोनच होते. ‘बरोबर’ आणि ‘आगाऊ’. एखादा चहा फार सुगंधी निघाला, फार गोड निघाला, नको तेवढं लक्ष वेधून घेऊ लागला, की तो आगाऊ. मग मास्तर चमचा खाली ठेवून म्हणायचे, “मिटवा ह्याला.” मिटवा म्हणजे चारशे किलोच्या ढिगात टाकून ड्रम फिरवा. दहा मिनिटांत त्या चहाचं नावगाव उरत नसे. चौतीस वर्षांत मास्तरांनी असे किती आगाऊ मिटवले, त्याची गणतीच नाही.

बाहेर मात्र वारं फिरलं होतं. पूर्वी चहाचे प्रकार दोन, पान आणि भुकटी. आता लोक कुठल्या डोंगरउतारावरचा ते विचारू लागले, खुडल्याची तारीख विचारू लागले, कोणाच्या हाताने वळला ते विचारू लागले. शहराशहरांत चहाची अशी दुकानं निघाली की जिथे दूध मागितलं तर दुकानदार तुमच्याकडे कीव केल्यासारखा बघतो. पातळ काचेच्या पेल्यात दोन घोट चहा देतात आणि प्यायच्या आधी त्याची माहिती वाचून दाखवतात. त्या दोन घोटांच्या किमतीत मास्तरांच्या कारखान्याचं पाकीट महिनाभर घर चालवायचं. मास्तर ऐकायचे आणि म्हणायचे, “लोकांना तहान लागत नसावी आजकाल.”

आणि नेमकी त्यांच्या घरातच ही हवा शिरली. सूनबाईच्या मामांचा एक डोंगरउतार होता, त्यावर चहाची जुनी झुडपं. पानं थोडी, मेहनत भरपूर. मामांना ती उपटून तिथे मशरूमच्या शेड बांधायच्या होत्या. सूनबाई आडवी आली. “एक हंगाम द्या मला. ह्या पानांचा वेगळा चहा करते.” मामा म्हणाले, “दिला. हंगामाच्या शेवटी एका शुक्रवारी खास चहांचा मेळा आहे, जगभरचे खरेदीदार येतायत. तिथे गिऱ्हाईक मिळालं तर झुडपं तुझी. नाही मिळालं तर त्याच्या पुढच्या सोमवारी खोदायचं यंत्र येईल, मी सांगून ठेवलंय.”

सूनबाईने पानं स्वतः खुडली, कापडावर पसरून मऊ केली, तळहातांवर वळली, वाळवली. तळहाताच्या रेषा झिजून गेल्या म्हणतात. नंतर एका ज्योतिषाने तिचा हात बघून पैसे परत केले. सगळा मिळून चहा झाला अकरा किलो. मेळ्याचा नियम असा की दहा किलोंच्या खाली लॉट टेबलावर घेत नाहीत.

मेळ्याच्या आठवड्यात, सोमवारी सकाळी ती अकरा किलोंची पेटी घेऊन कारखान्यात आली. घरात दमट हवा, कारखान्यात कोरडी खोली, तेव्हा शुक्रवारपर्यंत तिथे ठेवावी हा विचार. पण तिच्या डोक्यात आणखी एक होतं. सासऱ्यांना ‘कसा झालाय?’ म्हणून विचारलं तर ते सुनेचं मन राखायला ‘बरा आहे’ म्हणणार. म्हणून तिने चाळणी विभागाच्या काकूंना हाताशी धरलं. ह्या काकूंच्या हाताखाली आठ बायका. शिवाय सकाळचे कप मांडायचं कामही त्यांचंच.

“काकू, रांगेत सात नंबरला माझा कप ठेवा. बाबांना सांगू नका. त्यांचा चेहरा काय होतो तेवढं बघून ठेवा. मी कँटीनमध्ये बसते.”

“चेहरा बघते की,” काकू म्हणाल्या. “चौतीस वर्षं बघतेय. त्यात काही होत नाही.”

त्या दिवशी झालं. सातव्या कपाशी मास्तर आले, घोट ओढला, आणि थुंकायचं विसरले. गिळला. हे काकूंनी कधी पाहिलं नव्हतं. मास्तरांच्या तोंडात आधी फुलं आली, मग पिकलेलं काहीतरी, मग उन्हात ठेवलेल्या ताज्या फळीचा वास, आणि हे सगळं संपलंसं वाटतंय तोच फुलं परत आली. मास्तर घाबरलेच. हा चहा मिश्रणात नुसता जवळून गेला तरी पाकिटं फोडणारी माणसं दचकतील!

“हा कोण आगाऊ? किती आहे?”

“अकरा किलो,” ड्रमवाला कपामागे ठेवलेल्या पेटीवरचा आकडा वाचून म्हणाला.

“मिटवा.”

काकू तेव्हा आठव्या कपात पाणी ओतत होत्या. त्यांनी मान वर करून “अहो मास्तर—” म्हणेपर्यंत ड्रमवाला पेटी उचलून गेलाही. माणूस फार आज्ञाधारक. किटली तशीच टाकून काकू जिन्यावरून धावल्या, पण काकूंचे गुडघे आणि ड्रमवाल्याचे पाय ह्यांची शर्यत कशी लागायची? त्या खाली पोचल्या तेव्हा ड्रम फिरत होता.

कँटीनमधून सूनबाई हसत वर आली. “बाबा, खरं सांगा हं. सात नंबर कसा वाटला?”

“सात नंबर? तो होय! मिटवला.”

“मिटवला म्हणजे?”

एवढ्यात काकू धापा टाकत दारात आल्या आणि त्यांचा चेहरा बघून मास्तरांना सगळं समजलं. आयुष्यात पहिल्यांदा त्यांच्या हातून चमचा पडला.

सूनबाई रडली असती, भांडली असती, तर मास्तरांना सोपं गेलं असतं. ती खुर्चीवर बसली आणि हळूच म्हणाली, “चूक माझीच. मी लपवायला नको होता.” ते तर फारच लागलं.

संध्याकाळी घरी सासूबाईंनी मात्र कसर ठेवली नाही. “चौतीस वर्षं माझ्या हातच्या चहाला नावं ठेवत प्यायलात, आणि ज्याचं नाव व्हायचं त्याचं नामोनिशाण पुसून आलात! आता बसून काय राहिलात? जेवा, आणि उद्या जाऊन काढा तो बाहेर.”

“चारशे किलोत मिसळलाय तो. बाहेर कसा काढू?”

“घातला कोणी?”

मास्तरांनी ताट पुढे ओढलं. ते जेवले.

मंगळवारी सकाळी मॅनेजर पाकिटं भरायला ढीग मागायला आले. मास्तर ढिगासमोर हात पसरून उभे. “चव लागली नाही अजून.”

“कधी लागेल?”

“चव म्हणजे काय बस आहे, वेळापत्रक बघून यायला?”

मॅनेजर परत फिरले. मास्तरांनी मान हलवल्याशिवाय कारखान्यातून एक पाकीट बाहेर जात नसे, आणि त्या मानेने आजवर कधी खोटं सांगितलं नव्हतं. ह्या वेळी सांगितलं, पण मॅनेजरांना ते ओळखण्याची सवयच नव्हती.

काकूंनी आधी सगळा ढीग मोठ्या भोकाच्या चाळणीतून काढला. सूनबाईची पानं लांब होती, ती वर राहिली. पण तिच्या पानांइतकीच लांब अशी इतर मळ्यांचीही बरीच राहिली. वर उरले साठ किलो. आता त्यात सगळं काळं, सगळं वळलेलं, सगळं एकाच आईचं लेकरू असल्यासारखं. नऊ बायका लांब टेबलाच्या दोन्ही बाजूंना बसल्या आणि सूनबाईकडे बघू लागल्या.

“तुझं पान कसं ओळखायचं गं?”

तिने एक पान उचललं, उजेडात धरलं, दुसरं धरलं. “वळण जरा सैल असतं... म्हणजे, हे बहुतेक माझं. नाही, हे नाही. मलाच ओळखता येत नाही, काकू.”

मास्तरांनी एक पान तळहातावर घेतलं, तोंडाची वाफ सोडली, हुंगलं. बाजूला ठेवलं. दुसरं. तिसरं. दुपारपर्यंत त्यांनी सूनबाईची म्हणून निवडलेली पानं वजन केली, तर पाव किलोही भरेना. ह्या गतीने शुक्रवार सोडाच, सूनबाईचा नातू मेळ्याला गेला असता. मास्तर डबा न उघडता खिडकीशी उभे राहिले. मागे बायका डबे खात होत्या आणि नेहमीप्रमाणे कारखान्याचाच चहा पीत होत्या.

“आज ड्रममधलाच आणलाय का गं?” एक म्हणाली. “मधेच कुणीतरी गाणं म्हणून गेल्यासारखं वाटतंय.”

मास्तर गर्रकन वळले. “काय म्हणालीस?”

“काही नाही, मास्तर. आपल्यासारखा नाही लागत, एवढंच.”

“तुला कळलं?”

“अहो, एकवीस वर्षं हाच पितेय मी. न कळायला काय झालं? नवऱ्याचं घोरणं बदललं तर कळत नाही का?”

मास्तरांनी टेबलावर थाप मारली. “हिचा चहा शोधूच नका! तो तुम्हाला माहीत नाही, मलाही नाही. आपला माहीत आहे. जे जे आपलं, ते ते उचलून फेका. जे उरेल ते हिचं!”

मग काय विचारता! सकाळी चाचपडणारे हात दुपारी वाऱ्यासारखे चालू लागले. पान उचल, वाफ सोड, हुंग, “आपला!” म्हणून मागे भिरकाव. “आपला, आपला, आपला, हा बघ, हा कोण पाहुणा? ठेव त्याला.” बुधवारी तर काकू हुंगायच्याही बंद झाल्या; नुसत्या बोटांना कळू लागलं. साठ किलोंत पानं किती, नऊ जणींत किती, तासाला किती, हा हिशोब ज्यांना करायचा असेल त्यांनी खुशाल करत बसावं. त्या दोन दिवसांत टेबलाच्या मागे ‘आपल्या’ चहाचा असा ढीग लागला की ड्रमवाल्याला आपली खुर्ची सापडेना. ती शनिवारी सापडली.

गुरुवारी दुपारी निवडलेला चहा काट्यावर ठेवला. नऊ किलो नऊशे साठ.

चाळीस ग्रॅम! टेबल झाडून झालं, फटी उकरून झाल्या. सूनबाई काट्याकडे बघत उभी. मग काकूंनी जागच्या जागी हुकूम सोडला, “एप्रन उलटे करा! अंबाडे सोडा!” आणि नऊ बायकांनी एप्रनचे खिसे झटकले, केस मोकळे करून झाडले, भुवया पुसल्या. एकीच्या कानातून दोन पानं निघाली. काटा हलला, थरथरला आणि दहा किलोंच्या पुढे चिमूटभर जाऊन थांबला. खालच्या मजल्यावर मॅनेजरांना वाटलं छप्पर कोसळलं, एवढा जल्लोष झाला.

मास्तरांनी मात्र एक कप करायला लावला. दुसऱ्याचा वास उचलण्यात चहाइतकं पटाईत कोणी नाही. दोन दिवस ढिगात राहून ह्याने काय काय उचललं असेल? त्यांनी घोट ओढला. फुलं होती. पिकलेलं होतं. फळी होती. आणि सोमवारी त्यात एक कच्चा, किंचाळणारा सूर होता तो गेला होता. ताजा वाळवलेला चहा चार दिवस हवा खाऊन निवला होता.

“कसा आहे, बाबा?”

मास्तरांनी तो संपूर्ण कप संपवला आणि सांगितलं, “पेटी बंद कर, पोरी. मी परत मागेन.”

शुक्रवारचा हॉल म्हणजे फुटबॉलचं मैदान. पांढऱ्या टेबलांवर पांढरे कप, टेबलांमधून हातात थुंकदाणी घेतलेले खरेदीदार. कोणी म्हणत होतं ओल्या दगडाचा वास येतोय, कोणी म्हणत होतं आजोबांच्या पुस्तकांच्या कपाटाचा. मास्तर, सूनबाई, मामा आणि काकू त्यांच्या टेबलामागे उभे होते. काकूंना कोणी बोलावलं नव्हतं. पण त्यांना येऊ नका म्हणायची हिंमत कोणाची?

दुपारी एक जाड चष्म्याची बाई आली. समुद्रापलीकडे तिची चाळीस दुकानं आहेत आणि ती आवडलं नाही तर बोलत नाही, अशी कुजबुज तिच्यापुढे चालत आली. तिने घोट ओढला. हॉलच्या काचा थरथरल्या. मास्तरांनी नकळत मान झुकवली. असा घोट त्यांनी दुसऱ्या कोणाच्या तोंडून ऐकला नव्हता.

बाई थुंकली नाही. “कसा केला?”

“हाताने खुडला, हातावर वळला,” सूनबाई म्हणाली.

“इथे सगळ्यांनीच हातावर वळलाय. आणखी?”

सूनबाईने सासऱ्यांकडे पाहिलं. मास्तर जमिनीत शिरायला जागा शोधत होते. मग तिने सरळ सांगून टाकलं, “चुकून चारशे किलोंत मिसळला गेला. मग एकेक पान करून परत निवडून काढला. नऊ जणींनी आणि माझ्या सासऱ्यांनी. तीन दिवस.”

मामांनी कपाळावर हात मारला. आजूबाजूचे हसू लागले. बाई हसली नाही. तिने त्यांच्या पेटीतून एक मूठ घेतली, शेजारच्या टेबलावरून तशाच लांब पानांच्या दोन मुठी घेतल्या, कागदावर तिन्ही कालवल्या आणि कागद पुढे सरकवला. “काढा.”

मास्तरांनी हात पुढे केला, तर पहिलंच पान बोटांतून निसटलं. काकूंनी त्यांना कोपराने बाजूला सारलं. “सरका हो. चार बायका बघायला लागल्या की पुरुषांचं हे असं होतं.” आणि त्या निवडू लागल्या. तोंडाने बाईला चष्मा कुठून केला, मुलं किती, एवढ्या दुकानांची झाडलोट कोण करतं, असं सगळं विचारत होत्या, आणि बोटं पानं वेगळी करत होती. जेवढ्या वेळात हसणारे जमा झाले तेवढ्यात काम संपलं.

बाईने दोन कप करवले. एक पेटीतल्या चहाचा, एक काकूंनी काढलेल्याचा. कप पाठीमागे नेऊन त्यांची अदलाबदल केली आणि ते मास्तरांपुढे ठेवले. “फरक सांगा.”

आता मास्तरांची पाळी. चौतीस वर्षं दोन कपांतला केसाएवढा फरक पकडणारी ती जीभ. त्यांनी पहिला ओढला, दुसरा ओढला, परत पहिला.

“फरक असता तर मी तुम्हाला सांगून आमचीच लाज काढून घेतली असती,” मास्तर म्हणाले. “नाही.”

बाईने स्वतः दोन्ही ओढले. काचा दोनदा थरथरल्या. मग तिने वहीतून कागद फाडला आणि सूनबाईपुढे ठेवला. “सगळा लॉट माझा. पुढच्या तीन हंगामांचाही. डब्यावर तुमच्या उताराचं चित्र हवं, आणि लिहा: दोनदा खुडलेला. एकदा झुडपावरून, एकदा जगातून.”

मामा केव्हाच बाहेर पळाले होते. त्यांचा आवाज काचेतून आत येत होता. “अरे यंत्र नको! सोमवारी नको, कधीच नको! हो, शुद्धीवर आहे मी!” सूनबाई काकूंच्या गळ्यात पडली आणि आता मात्र भरपूर रडली. काकू तिच्या केसांतून हात फिरवता फिरवता सवयीने पान सापडतंय का बघत होत्या.

कारखान्यात उरलेला किलोभर चहा त्या चारशे किलोंत राहूनच गेला होता. त्या पाकिटांवर, चौतीस वर्षांत पहिल्यांदा, लोकांची पत्रं आली. ह्या वेळी चहात काय घातलंय, ते परत घाला. मॅनेजरांनी ती चाळणी विभागाच्या भिंतीवर लावली आणि दुसऱ्याच महिन्यात तिथे एक वेगळं टेबल आलं, खास चहांसाठी. काकू त्या टेबलाच्या मुख्य झाल्या, आणि वर्षभरात पाच उतारांचे मालक आपापली पानं घेऊन त्यांच्या दारात रांगेत उभे राहिले.

पुढच्या वर्षीच्या मेळ्यात तर कहरच झाला. चाळीस दुकानांतून ‘दोनदा खुडलेला’ असा गाजला की बड्या बड्या मळ्यांनी आपला उत्तम चहा मुद्दाम ढिगात टाकून परत निवडायला सुरुवात केली. एका टेबलावर तर सोनेरी अक्षरांत लिहिलं होतं: तीनदा खुडलेला. भाव सूनबाईच्या दुप्पट. मालक कोट घालून उभा.

सूनबाईचा चेहरा जरा उतरला. मास्तर थुंकदाणी घेऊन शांतपणे त्या टेबलाशी गेले, कप उचलला, आणि हॉलमधल्या सगळ्यांच्या माना वळतील असा घोट ओढला. थुंकले. परत आले.

“काय हो, बाबा? खरंच निवडलाय का त्यांनी?”

“मिसळला खरा,” मास्तर म्हणाले. “पण तीनदा खुडून बाहेर काढलाय तो दुसऱ्याच कुणाचा तरी.”